गोधड्या भरलेला ड्रम

रिसबुडांच्या घरात खोटं बोलायची वेळ आली, की ते काम आपसूक माधवरावांकडे जात असे. एक तर ते थोरले, आणि दुसरं म्हणजे उभा जन्म बँकेत काढल्यामुळे त्यांच्या तोंडून काहीही निघालं तरी ते तपासून सही केल्यासारखं वाटे. जानेवारीत कात्रजला शेलारांच्या घरी उल्काच्या लग्नाची पहिली बोलणी झाली, तेव्हा तिचा बाप, म्हणजे माधवरावांचा धाकटा भाऊ दीनानाथ, बरोबर नव्हता. शाळेच्या स्नेहसंमेलनाची तालीम होती, आणि तो नसला की चौथीची मुलं ताल सोडत. तो असला तरी सोडत, पण निदान एकदम सोडत. तर तिथे "मुलीचे वडील काय करतात?" असा सरळ प्रश्न आला. माधवरावांनी कपातला चहा संपवला, मिशा टिपल्या आणि सांगितलं, "तबला. आमचं घराणंच तबल्याचं."

घरी आल्यावर दीनानाथने विचारलं तेव्हा ते म्हणाले, "एका वेळी एकच धक्का. जातीबाहेरची सोयरीक त्यांनी पचवली, आपण पचवली. त्यावर लगेच मुलीचा बाप रॉक बँडमधला, हे कशाला वाढायचं?"

आता हे शंभर टक्के खोटं होतं असंही नाही. दोघा भावांचे वडील अप्पा रिसबुड यांचा तबल्याचा क्लास सदाशिव पेठेत दोन पिढ्यांना माहीत होता. माधव आणि दीनू दोघंही त्यांच्यासमोर बसूनच वाढले, आणि हात दीनूचाच चांगला, हे माधवही कबूल करी, फक्त मोठ्याने नाही. पण कॉलेजच्या पहिल्या वर्षाला दीनू कॅम्पातल्या रुस्तम नावाच्या गिटारवाल्या मित्राकडे गेला. तिथे कोपऱ्यात कुणाचा तरी ड्रमसेट पडला होता. त्यावर तो गंमत म्हणून बसला, आणि बसला तो उठलाच नाही. अप्पा एवढंच म्हणाले, "हातांचं काम पायांना दिलंस." त्यानंतर संगीत या विषयावर ते दीनूशी कधी बोलले नाहीत, आणि अप्पांना दुसरा विषय नव्हता.

बँडचं नाव होतं 'द रेस्टलेस फाइव्ह'. माणसं चार. पाचवा ऑर्गन वाजवणारा होता, तो पहिल्या कार्यक्रमाआधीच कॅनडाला गेला, पण तोवर पोस्टरं छापून झाली होती. दीनानाथ हे सगळं स्वतःच रंगवून सांगत असे. "मला खरा आश्रय दिला तो वीज जाण्याने," तो म्हणे. "कॉलेजांच्या गॅदरिंगला लाइट गेली, की गिटारी मुक्या, माइक मुका, गाणारा मुका. स्टेजवर आवाज करू शकणारा मी एकटा उरायचो. माझे जेवढे सोलो झाले तेवढे सगळे अंधारात झाले. पुण्याने मला ऐकलंय भरपूर, बघितलं कुणीच नाही." सर्वांत यशस्वी कार्यक्रम कुठला, असं कुणी विचारलं तर उत्तर ठरलेलं असे. "येरवड्याच्या तुरुंगातला. एकही श्रोता मधे उठून गेला नाही."

हा विनोद तो इतक्यांदा का करतो, ते घरात सगळ्यांना ठाऊक होतं. अप्पा एकदाच त्याचा कार्यक्रम ऐकायला आले होते. तिसऱ्या रांगेत, टोपी मांडीवर ठेवून बसले होते. पहिलं गाणं संपायच्या आत उठून गेले. गाणंसुद्धा काही लांबलचक नव्हतं.

आणि बँडचा शेवट ज्याने झाला त्याला घरात 'मुंबई प्रकरण' म्हणत. एका रेकॉर्ड कंपनीने चौघांना बोलावलं होतं. गाणं छान झालं, अगदी शेवटच्या ठोक्यापर्यंत छान झालं. तिथे तिघं थांबले. दीनानाथ थांबला नाही. लहानपणी अप्पांनी हातात घातलेली सवय अशी, की शेवट म्हणजे तिहाई: एकच तुकडा तीनदा वाजवायचा आणि मग समेवर येऊन टेकायचं. रॉकच्या गाण्यात याची कुणी वाट बघत नाही. गिटारी थांबल्या, गाणारा थांबला, आणि मागे हा पठ्ठ्या एकटाच तीनदा फिरून समेवर येऊन पोहोचला. काचेपलीकडच्या साहेबांनी विचारलं, "गाणं संपलं हे ड्रमरला सांगायचं राहिलं का?" पुढे सहा महिन्यांत बँड मोडला. मग लग्नांचे ऑर्केस्ट्रा, एक हॉटेल, आणि शेवटी शाळेत ड्रमचे वर्ग. घर बायकोच्या, मंदाकिनीच्या, गणिताच्या नोकरीवर चाललं. "आम्ही दोघंही शिक्षक," ती सांगे. "मी शिकवते, हे बडवून घेतात."

तेव्हा तबलजी व्याही हे प्रकरण हसण्यावारी गेलं असतं. पण शेलारांच्या घरची एक रीत निघाली. मुलाचे आजोबा सोनबा, सगळे त्यांना आबा म्हणत, कात्रजच्या देवळात पखवाज वाजवायचे. त्यांच्या घरात याद्या करण्याआधी दोन्हीकडच्यांनी एका भजनाला बसायचं. कुणी टाळ धरावा, कुणी नुसत्या टाळ्या पिटाव्यात, पण मुलीच्या बापाने बसायचंच. मागे एका पाहुण्याने घड्याळ बघून 'भजन नंतर करू' म्हटलं, तर आबांनी पखवाज काखेत मारला आणि सोयरीक तिथेच राहिली. आणि या वेळी तर व्याही तबलजी. "म्हातारा गावभर सांगत सुटलाय," नवरामुलगा जयसिंगने उल्काला सांगितलं. "म्हणतोय, आजवर टाळकुटे व्याही मिळाले, आता जोडीचा गडी मिळाला."

यावर रिसबुडांकडे दोन दिवस खल झाला. तिसऱ्या दिवशी माधवराव रिक्षातून अप्पांचा तबला-डग्गा घेऊन आले.

एप्रिलातला तो रविवार उजाडेपर्यंत दीनानाथने आठवडाभर रियाज केला होता. बोटं आठवत होती, पण नाइलाजाने कामाला लावलेल्या माणसासारखी. मंदाकिनीने सकाळी पाहुण्यांच्या नजरेचा अंदाज घेत घरभर फिरून एकेक पुरावा झाकला. स्नेअर, म्हणजे लहान ड्रम, पलंगाखाली ढकलला. झांज बरीच वर्षं तांदळाच्या पिंपावर झाकण म्हणून होती, तिच्यावर परात उपडी घातली. मोठा ड्रम कुठे हलवणार? एका बाजूचं कातडं काढून त्यात गोधड्या भरून तो आतल्या खोलीत उभा असे. तिने त्यावर विणलेला टेबलक्लॉथ घातला, वर फुलदाणी ठेवली आणि लांब उभी राहून बघितलं.

"कसं दिसतंय?"

"ड्रमवर फुलदाणी ठेवल्यासारखं," दीनानाथ म्हणाला.

"मग तुम्ही दारात उभे राहा आणि झाका."

उल्का साडीला पिना लावत होती. ती बापाकडे न बघता म्हणाली, "बाबा, आजच्या दिवस फक्त."

"आजच्या दिवस काय?"

"ते सगळं. ड्रम, अंधारातले सोलो, येरवडा. नको ना. जयसिंगचे आजोबा फार खुशीत आहेत."

"बरं," तो म्हणाला.

त्याला वाईट वाटलं. अगदी साधं, लहान मुलाला वाटतं तसं वाईट वाटलं. स्वतःची टिंगल तो जन्मभर करत आला होता आणि त्यात तो पटाईत होता. पण पोरीने ती कपाटात ठेवायला सांगावी, हे त्याच्या हिशेबात नव्हतं. लहानपणी हीच उल्का फरशीवर मोठ्या ड्रमला दोन्ही हातांनी धरून बसायची, कारण पायाच्या ठोक्यागणिक तो पुढे सरकायचा. तो वाजवायचा आणि ती धरून ठेवायची. तिने एकदा विचारलं होतं, मी हात सोडला तर तू कुठपर्यंत जाशील?

दहा वाजता खाली जीप थांबली. जयसिंगचे वडील हिंदुराव पुढे, मागे आई शालूबाई पेढ्यांचे खोके सांभाळत, जयसिंग टाळ घेऊन, आणि सगळ्यांच्या मध्ये आबा, उपरण्यात गुंडाळलेला पखवाज पोटाशी धरून. जयसिंग घ्यायला गेला तर म्हणाले, "सोड. जीव जाईस्तवर ह्यो माझाच." दोन जिने ते न थांबता चढले. वर येऊन दीनानाथचे दोन्ही हात हातात घेतले, उलटसुलट करून बघितले आणि खूश झाले.

"घट्टे हायती," ते हिंदुरावांना म्हणाले. "बघितलंस? वाजिवनाऱ्याचा हात हाय."

घट्टे काठ्यांचे होते. दीनानाथ हसला. माधवराव जरा जास्तच मोठ्याने हसले.

पोहे झाले, चहा झाला, कात्रजच्या दुधावर आणि सदाशिव पेठेतल्या पार्किंगवर बोलून झालं. मग आबांनी सतरंजीवर बैठक मारली आणि स्वयंपाकघराकडे बघून हाक दिली, "वैनी, वाईच कनीक द्या." पखवाजाच्या डाव्या तोंडाला ओली कणीक लावतात, तेव्हा त्याला घुमारा येतो. मंदाकिनीने पुऱ्यांच्या कणकेतला गोळा काढून दिला. आबांनी तो थापला, हाताने चाचपला, एक थाप दिली, आणि समोरच्या काचेच्या कपाटातल्या बश्या थरथरल्या.

"बसा व्याही," ते म्हणाले.

दीनानाथ अप्पांच्या तबल्यापुढे बसला. हिंदुरावांनी डोळे मिटून अभंग धरला. आवाज जाडाभरडा होता, पण सुरात होता. जयसिंगने टाळ घेतला, शालूबाईंनी टाळ्या. पहिली दोन आवर्तनं बरी गेली. आठ मात्रांचा भजनी ठेका, त्यात चुकण्यासारखं काही नाही, चौथीच्या मुलांनाही येईल. दीनानाथला वाटलं, निभावतंय. आणि असं वाटलं की माणूस सैल होतो.

आधी उजव्या पायाचा अंगठा हलला. मग मांडी. मांडी घातलेल्या माणसाचा पाय खालीवर व्हायला लागला, की अख्खा माणूस हलतो. पेढ्यांचं ताट गुडघ्याशी होतं, ते प्रत्येक ठोक्याला 'ठण्' करायला लागलं. त्या आवाजाने डाव्या हाताला जुनी आठवण झाली. ड्रमरचा डावा हात दुसऱ्या आणि चौथ्या ठोक्याला जड पडतो. भजनात तिथे जड पडायचं काही कारण नसतं. डग्गा भलत्याच ठिकाणी धाडधाड वाजू लागला. जयसिंगचा टाळ आजोबांबरोबर जावं की सासऱ्याबरोबर, या विचारात पडला आणि दोघांच्या मध्येच कुठेतरी पडू लागला. हिंदुरावांनी एक डोळा उघडला. माधवराव दाराशी बसून बोटांवर मात्रा मोजत होते, त्यांनी मोजणं सोडून दिलं.

आबांनी हात वर केला. सगळं थांबलं. ताट एकदा उगीच वाजलं.

"पावनं," आबा फार नम्रपणे म्हणाले, "आमी गावाकडची मानसं. ह्यो ठेका आमच्या ऐकन्यातला न्हाई. पेठंकडं असा काई निराळा बाज असंल."

त्यांनी दार उघडून दिलं होतं. नुसतं त्यातून बाहेर पडायचं होतं. दीनानाथने तोंड उघडलंही, पण माधवराव आधी बोलले. 

"अगदी बरोबर ओळखलंत. हा आमच्या अप्पांचा बाज. खास त्यांचाच."

दीनानाथने भावाकडे बघितलं. अप्पा वाजवायचे तेव्हा एकेक बोल तांदूळ निवडून ठेवावा तसा स्वच्छ पडायचा. पहाटे क्लासची खिडकी उघडी असली, की खालून जाणारा दूधवालासुद्धा सायकलवरून उतरून चालत जायचा. त्या माणसाने आयुष्यभर जे जपलं, त्याच्यावर आता हे ताट, हा गुडघा आणि ही धाडधाड चिकटणार होती. कात्रजला कुणीतरी कुणाला सांगणार होतं, की रिसबुडांचा बाज असा. दीनानाथला तबलजी म्हणा, काहीही म्हणा, त्याची हरकत नव्हती. पण हे त्याला सोसवेना.

"नाही," तो म्हणाला. "हा अप्पांचा बाज नाही."

"दीनू..."

"दादा, बाकी काय वाटेल ते सांग. हे नको." मग तो आबांकडे वळला. "अप्पांनी असं कधी वाजवलं नाही, आबा. असं वाजवणाऱ्याला ते क्लासबाहेर उभं करायचे. मला केलं. मी तबलजी नाही. मी ड्रम वाजवतो. रॉक बँडमध्ये होतो, तो मोडला. आता शाळेत मुलांना शिकवतो. आठवडाभर रियाज केला, पण हात आता तिकडचेच झालेत."

पंखा फिरत होता. खाली कुणीतरी स्कूटरला किक मारत होतं आणि ती सुरू होत नव्हती.

"म्हणजे," हिंदुराव सावकाश म्हणाले, "जानेवारीपासून आम्ही गावभर सांगतोय..."

"मी तर माहेरी पण सांगितलं," शालूबाई म्हणाल्या.

"रागावू नका," माधवराव म्हणाले. "त्याचं काय आहे..."

"ड्रम वाजवतात त्यात काय वाईट हाय? चोरी हाय का?" हिंदुरावांचा आवाज चढला. "खोटं कशापायी सांगितलंत? आम्ही शेतीवाडीची माणसं, आमाला ड्रम कळायचा नाही, आम्ही पळून जाऊ, असंच ना?"

माधवरावांच्या बँकेतल्या चेहऱ्यावर आयुष्यात पहिल्यांदा काही लिहिलेलं नव्हतं.

"चूक आमची आहे," मंदाकिनी स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाली. "भाऊजी बोलले, पण आम्ही सगळे गप्प बसलो. जयसिंगरावांनासुद्धा ठाऊक..." आणि तिने जीभ चावली.

हिंदुराव मुलाकडे वळले. "तुला ठाव होतं?"

जयसिंग टाळाच्या दोरीचा गुंता सोडवू लागला. दोरीत गुंता नव्हता.

"उल्का म्हणाली..."

"उल्का म्हणाली! अजून याद्या न्हाईत आन् उल्का म्हणाली!"

आबा यातलं काहीच ऐकत नव्हते. त्यांनी पखवाज मांडीवर उभा केला होता आणि अंगठ्याने डाव्या तोंडावरची कणीक खरवडायला सुरुवात केली होती. एकेक पापुद्रा काढून ते बशीत ठेवत होते. घाई नव्हती, राग नव्हता. कणीक काढली म्हणजे वाजवणं संपलं, आणि वाजवणं संपलं म्हणजे काय, ते खोलीतल्या सगळ्यांना कळत होतं. दीनानाथला उठून त्यांचा हात धरावासा वाटला. त्याऐवजी तो स्वतःवरच चिडला. आयुष्यात जिथे म्हणून शेवट गोड व्हायचा होता, तिथे त्याने एक जादा ठोका दिला होता. मुंबईत स्वतःचं वाटोळं केलं, ते निदान स्वतःचं होतं. आज पोरीचं.

त्याने उल्काकडे बघायचं धाडस केलं. ती जागेवर नव्हती.

आतल्या खोलीत काहीतरी फुटलं. फुलदाणी असणार. मग पलंगावर गोधड्या पडल्याचे आवाज आले, धप्प, धप्प, धप्प, आणि मग फरशीवरून काहीतरी जड गडगडत येऊ लागलं. उल्का नव्या साडीचा पदर खोचून मोठा ड्रम ढकलत बाहेर आली. एक गोधडी आत अडकून राहिली होती, ती मागे फरपटत होती.

"उल्का, साडी!" मंदाकिनी म्हणाली.

उल्का आबांसमोर उभी राहिली. तिला धाप लागली होती.

"आजोबा, खोटं माझंही आहे. बाबांना गप्प बसा म्हणून आज सकाळी मी सांगितलं. ते बसणार नव्हते." तिने ड्रम सरळ उभा केला. "तुमची रीत एकत्र बसायची आहे ना? मग कुठल्या वाद्याने बसायचं, हे पण रीतीत आहे का?"

आबांचा अंगठा थांबला. त्यांनी वाकून त्या ड्रमच्या आत बघितलं. मग मुलाला विचारलं, "काय रं हिंदू, हाय का तसं?"

हिंदुराव गोंधळले. "न्हाई... तसं कुणी आजवर इचारलंच न्हाई, आबा."

"मग ती गोधडी काढा त्यातली," आबा म्हणाले. "आन् वैनी, जरा नवी कनीक."

"पुऱ्या कमी पडतील," मंदाकिनी म्हणाली, पण ती आत गेली होती. परत आली तेव्हा एका हातात कणकेचा गोळा होता आणि दुसऱ्या हातात पिंपावरची झांज. ती झांज पदराने पुसत होती. गेल्या वीस वर्षांत तिने त्या झांजेला तांदळाच्या संदर्भातच हात लावला होता.

उल्काने पलंगाखालून स्नेअर ओढला, कपाटातून ड्रमला पायाने ठोका द्यायचं पेडल काढलं, त्याची स्प्रिंग बसवली. कुठला स्क्रू कुठे जातो, हे तिला विचारावं लागलं नाही. जयसिंग तिच्या हातात एकेक वस्तू देत होता आणि वडिलांची नजर चुकवत होता. दीनानाथ स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसला. त्याने पाय ठेवला, एक ठोका दिला, आणि ड्रम गुळगुळीत फरशीवरून वीतभर पुढे गेला.

उल्का पदर सावरत खाली बसू लागली. तेवढ्यात माधवराव उठले.

"तू राहू दे. साडी आहे." ते गुडघे मोडत, कण्हत ड्रमसमोर बसले, आणि पंगतीत कुणी पातेलं धरावं तसा त्यांनी तो दोन्ही हातांनी घट्ट धरला. भावाकडे बघितलं नाही. "वाजव," ते ड्रमला म्हणाले.

हिंदुरावांनी अभंग पुन्हा धरला, या वेळी जरा रागातच, आणि त्यामुळे तो अधिक चांगला लागला. दीनानाथ काठ्यांच्या टोकांनी अलगद वाजवू लागला. पाहुणे होते, शेजारी होते, रविवार होता.

"असं चोरावानी काय वाजवता?" आबा पखवाजावरून ओरडले. "मोडलं का ते?"

मग तो वाजवू लागला. पायाचं काम पायाने केलं, हाताचं हाताने. तबल्यावर जे भलतं वाटत होतं ते आता आपापल्या जागी जाऊन बसलं. दुसरा ठोका जड पडला तर आबा तो झेलून पहिल्यावर परत देत होते. म्हातारा हसत होता. त्याला दात कमी होते आणि त्याची त्याला पर्वा नव्हती. शालूबाई टाळ्या विसरून ऐकत होत्या. खालची स्कूटर एव्हाना सुरू झाली असेल किंवा नसेल. दीनानाथच्या घामाने चष्मा घसरला आणि त्याला समोरचं धूसर दिसू लागलं, तर त्याला बरंच वाटलं. त्याला अंधारात वाजवायची सवय होती.

शेवट आला. हिंदुरावांनी शेवटची ओळ उचलली, आवाज लांबवला. आणि दीनानाथचे हात निघाले. त्याने त्यांना काही सांगितलं नव्हतं. तिहाईचा पहिला तुकडा वाजून गेला. आता हे सगळे थांबणार, त्याला वाटलं, आणि मी एकटा मागून येणार. दुसरा तुकडा. कुणी थांबलं नाही. पखवाजावर तोच तुकडा चालला होता, त्याच्या बाजूने, पावलाला पाऊल. आबांनी मान वर करून त्याच्याकडे बघितलं आणि भुवया उडवल्या. तिसरा तुकडा. पाय, हात, झांज, आणि पखवाजाची ती कपाट हलवणारी थाप, सगळं एकाच ठिकाणी येऊन पडलं.

समेवर इतक्या वर्षांत तो पहिल्यांदाच एकटा नव्हता. त्याला रडू आलं, म्हणून तो झांजेचा स्क्रू घट्ट करू लागला.

"हिंदू," आबा म्हणाले, "ही कनीक असू दे तशीच. आमी आनखी बसनार हाओत. तू याद्या कर." मग दीनानाथकडे वळून, "जोडीचा गडीच मिळाला म्हना की. गावात सांगितलं ते खोटं न्हाई झालं."

हिंदुराव पेढ्यांचं ताट उचलून पुढे झाले. ताटाला एका बाजूला पोचा पडला होता. शालूबाईंनी मंदाकिनीला पुऱ्या लाटू लागते म्हणून सांगितलं आणि उत्तराची वाट न बघता पदर खोचला. जयसिंगला आता बापाकडे बघायला हरकत नव्हती. उल्का दीनानाथच्या मागे येऊन उभी राहिली आणि तिने त्याच्या खांद्यावर हनुवटी टेकवली.

माधवराव अजून फरशीवरच होते. ड्रम थांबला होता तरी त्यांनी तो सोडला नव्हता. प्रत्येक ठोका त्यांच्या तळहातांतून गेला होता, आणि ते आता ते तळहात बघत होते.

"दादा," दीनानाथ म्हणाला, "अप्पा असते तर काय म्हणाले असते रे?"

माधवरावांनी विचार केला. खोटं बोलायचं तर ही वेळ चांगली होती, आणि ते त्यांना जमलंही असतं.

"काही म्हणाले नसते," ते म्हणाले. "उठून गेले असते."

दीनानाथ हसला. त्याने काठ्या गोळा केल्या.

"पण सम झाल्यावर," माधवराव म्हणाले.